बीफ खिम्याचा कॅसरोल : पाण्याचा हिशेब जमला की पदार्थ जमला

खिम्याचा कॅसरोल बिघडतो तो बहुतेक वेळा दोनच तऱ्हांनी. एकतर वाढताना तळाशी लालसर पाणी वेगळं साचलेलं दिसतं, नाहीतर मॅकरोनी सगळा रस पिऊन फुगते आणि पदार्थ इतका कोरडा होतो की घास तोंडातच फिरत राहतो. दोन्हींचं मूळ एकच. भांडं ओव्हनमध्ये जाण्याआधी आत किती पाणी आहे आणि ते कोण पिणार आहे, हे कोणी पाहिलेलं नसतं. मिरपूड थोडी इकडेतिकडे झाली तर चालतं, चीज दुसरं घेतलं तरी चालतं. पाणी चुकलं की मात्र ओव्हन काही दुरुस्त करत नाही. म्हणून या कृतीत गॅसवरच्या कामाला जास्त जागा दिली आहे आणि ओव्हनला कमी.

कॅसरोल हे मुळात भांड्याचं नाव, त्यात भाजून त्यातूनच वाढायच्या पदार्थालाही तेच नाव पडलं. ऊब टिकवणाऱ्या झाकणाच्या डब्यालाही हाच शब्द वापरतात, पण तो डबा ओव्हनमध्ये जात नाही. इथे हवं ते ओव्हनमध्ये चालणारं काचेचं, चिनी मातीचं किंवा धातूचं भांडं. साधारण २० × ३० सेंटिमीटर, ५ सेंटिमीटर खोल. खालच्या मापात सहा जणांचं पोटभर जेवण होतं आणि या भांड्यात वर बोटभर जागा उरते. ती जागा लागतेच, कारण रस उकळून काठावरून सांडला तर ओव्हनच्या तळाशी करपतो आणि त्याचा वास पदार्थाला लागतो.

काय काय लागेल

बीफचा खिमा ५०० ग्रॅम, १५ ते २० टक्के चरबीचा
खायचा सोडा पाव लहान चमचा, १ मोठा चमचा पाण्यात विरघळवून
तेल १ मोठा चमचा
कांदा १ मोठा (सुमारे २०० ग्रॅम), गाजर १, सिमला मिरची १, लसूण ४ पाकळ्या
टोमॅटो पेस्ट २ मोठे चमचे
डब्यातले सोललेले टोमॅटो ४०० ग्रॅम, किंवा चांगले पिकलेले ताजे ६०० ग्रॅम
स्टॉक (हाडं-भाज्या उकळून गाळलेलं पाणी) किंवा साधं पाणी ३०० मिली
पॅप्रिका (सौम्य लाल मिरचीची पूड) २ लहान चमचे, सुका ओरेगॅनो १ लहान चमचा, मिरपूड अर्धा लहान चमचा
वुस्टरशायर सॉस १ मोठा चमचा (नसेल तर सोया सॉस २ लहान चमचे)
मीठ १ लहान चमचा, चव घेऊन पुढे
मॅकरोनी २५० ग्रॅम
चेडर १५० ग्रॅम, मोझरेला ५० ग्रॅम
ब्रेडचा चुरा ४० ग्रॅम, बटर २० ग्रॅम

लहान चमचा म्हणजे ५ मिली, मोठा म्हणजे १५ मिली, दोन्ही सपाट भरलेले.

खिमा घेताना

चरबीचं प्रमाण विचारून घ्या. पाच-सात टक्क्यांचा, अगदी कमी चरबीचा (लीन) खिमा कॅसरोलमध्ये कोरडा, दाणेदार लागतो. तीस टक्क्यांचा घेतला तर तेवढीच चरबी शेवटी चीजच्या तेलात मिसळून वर तवंग येतो. वीस टक्क्यांच्या आतबाहेर असलेला खिमा सर्वांत सोयीचा, कारण त्याला सुटलेल्या चरबीतच कांदा परतता येतो.

दळण मध्यम हवं. अगदी बारीक दळलेला खिमा रश्शात विरघळल्यासारखा होतो आणि खाताना मांस दाताखाली येतच नाही. पाकिटात गुलाबी पाणी बरंच साचलेलं असेल तर तो खिमा बहुधा जुना किंवा गोठवून सोडवलेला असतो. असा खिमा तव्यावर टाकताच पाणी सोडतो.

ताजा खिमा फ्रीजमध्ये एक-दोन दिवसच ठेवावा. गोठवलेला असेल तर आदल्या रात्री फ्रीजच्या खालच्या कप्प्यात खोलगट ताटात काढून ठेवा. ओट्यावर सोडवू नका. बाहेरचा भाग तासाभरात कोमट होतो आणि आत बर्फ तसाच असतो. खिमा धुऊही नये. धुतल्यानं जंतू जात नाहीत, ते सिंकभर उडतात. वर खिम्यात नको असलेलं पाणी शिरतं ते वेगळंच.

खिमा लाल करायचा, शिजवायचा नाही

सगळ्या कृतीतला हा सर्वांत महत्त्वाचा अर्धा तास. मधला बराच वेळ नुसता थांबण्याचा आहे, पण तो थांबणंही कामाचंच.

सोड्याचं पाणी खिम्यावर शिंपडा, हातानं हलकं मिसळा आणि १५ मिनिटं बाजूला ठेवा. सोड्यानं मांस किंचित अल्कधर्मी होतं, त्यामुळे तापल्यावर त्यातले धागे एकमेकांना तितके घट्ट आवळत नाहीत आणि पाणी कमी पिळून निघतं. रंगही लवकर चढतो. पाव चमच्याच्या वर जाऊ नका. जास्त झाला तर साबणासारखी चव लागते आणि ती कशानंही लपत नाही. या वेळी मीठ घालायचं नाही. कच्च्या खिम्यात मीठ मळून ठेवलं की तो चिकटून येतो आणि शिजल्यावर रबरासारखा वातड होतो.

जाड बुडाचं २८ ते ३० सेंटिमीटरचं पॅन मोठ्या आचेवर तापवा. तेल घाला. तेल पातळ होऊन पॅनभर सहज फिरू लागलं की खिमा एका थरात पसरा, उलथन्यानं हलका दाबा आणि हात मागे घ्या. चार-पाच मिनिटं ढवळायचं नाही. सवयीनं उलथनं फिरत राहतं आणि तिथेच घोळ होतो. मांसाला खमंग तपकिरी रंग यायला पृष्ठभागाचं तापमान १४० अंश सेल्सिअसच्या आसपास जावं लागतं, आणि ओल असेपर्यंत ते १०० च्या वर जात नाही. सतत ढवळलं की प्रत्येक वेळी नवा ओला भाग खाली येतो. मग खिमा स्वतःच्याच पाण्यात उकडतो आणि त्याला राखाडी रंग नि उकडल्याचा वास येतो.

आवाजाकडे लक्ष द्या. सुरुवातीला पाणी उकळल्यासारखी खदखद ऐकू येते आणि खाली साचलेला द्रव गढूळ दिसतो. ते पाणी. हळूहळू खदखद थांबून चरचर सुरू होते, बुडबुडे बारीक होतात आणि खालचा द्रव स्वच्छ, चकचकीत दिसू लागतो. आता उरली ती चरबी. रंग चढायला सुरुवात इथून होते. एक कोपरा उचलून पाहा. खालची बाजू गडद तपकिरी झाली असेल तर मोठे तुकडे करून उलटा, आणखी दोन-तीन मिनिटं द्या, मग उलथन्याच्या धारेनं फोडा. वाटाण्याएवढे ते बोराएवढे तुकडे ठेवा. सगळा भुगा करू नका.

पॅन लहान असेल तर दोन खेपांत करा. दाटी झाली की वाफ कोंडते आणि वरचं सगळं वाया जातं.

खिमा झाऱ्यानं बाजूला काढा. पॅनमध्ये चरबी पाहा. मोठा चमचाभर ठेवून बाकीची एखाद्या जुन्या डब्यात काढा. सिंकमध्ये ओतू नका, गार झाल्यावर ती पाइपमध्ये गोठून बसते. पाचशे ग्रॅम खिमा या घडीला साधारण पावणेचारशे ग्रॅमवर आलेला असतो. जे गेलं ते पाणी आणि चरबी, आणि ते इथेच गेलेलं बरं.

कांदा, पेस्ट आणि रस

त्याच पॅनमध्ये मध्यम आचेवर बारीक चिरलेला कांदा आणि गाजर घाला. गाजर किसायचं नाही, लहान चौकोनी फोडी करायच्या. किसलेलं गाजर रस गोड आणि गिच्च करतं. आता चिमूटभर मीठ घाला, म्हणजे कांद्याला पाणी सुटेल आणि त्या पाण्यानं बुडाला चिकटलेला तपकिरी थर सुटू लागेल. तो खरवडून कांद्यात घ्या. सगळी चव त्या थरात असते. काळा झाला असेल, म्हणजे करपला असेल, तर मात्र तो ठेवायचा नाही. पॅन पुसून नव्या तेलात कांदा परता, नाहीतर कडवटपणा शेवटपर्यंत राहतो.

आठ-दहा मिनिटांत कांदा मऊ होऊन कडांना सोनेरी होईल. सिमला मिरची घाला, तीन-चार मिनिटं परता. तिचं पाणी इथेच आटू द्या. मश्रूम किंवा झुकिनी घालायची असेल तर ती वेगळी परतून, पाणी पूर्ण आटवूनच घ्या. या दोन भाज्या कच्च्या घातल्या की तळाशी पाणी साचलंच म्हणून समजा. मग ठेचलेला लसूण, अर्ध्या मिनिटानं पॅप्रिका, आणि लगेच टोमॅटो पेस्ट. पॅप्रिका नुसत्या गरम चरबीत जास्त वेळ ठेवली तर करपते, म्हणून पेस्ट हाताशी हवी. पेस्ट दोन मिनिटं परता. तिचा भडक लाल रंग विटकरी होतो, कडेनं तेल सुटतं आणि डब्याचा कच्चट वास जातो. पेस्ट न परतता टोमॅटो आणि पाणी ओतलं तर रसाला आंबटपणा येतो, चव येत नाही.

आता टोमॅटो हातानं चुरडून घाला. स्टॉक, ओरेगॅनो, मिरपूड, वुस्टरशायर सॉस घाला. खिमा त्याच्या सुटलेल्या रसासकट परत टाका. झाकण न ठेवता मंद आचेवर १५ मिनिटं शिजू द्या.

मीठ शेवटी. स्टॉक तयार क्यूबचा असेल तर त्यात मीठ भरपूर असतं, चीजमध्येही असतं, सॉसमध्येही. तरीही मॅकरोनी मीठ खेचते, म्हणून रस चाखताना तो एरवीपेक्षा जरासा खारट लागायला हवा.

किती पातळ ठेवायचा

इथे बहुतेकांचा अंदाज चुकतो, कारण डोळ्याला दाटसर रस बरा वाटतो. अर्धवट उकडलेली मॅकरोनी ओव्हनमध्येही रस पीत राहते. रस गॅसवरच मिळून आलेला, दाट असेल तर ओव्हनमधून निघताना तो कोरडा झालेला असतो. पारख अशी: पॅनच्या तळावरून उलथनं ओढा. मागे पडलेली वाट दोन-तीन सेकंदांत भरून आली तर रस योग्य. वाट पडतच नसेल तर आणखी पाच मिनिटं आटवा. वाट तशीच राहिली तर ५० ते १०० मिली गरम पाणी घाला. मॅकरोनी मिसळल्यावर सगळं अंमळ सैल, थबथबीत वाटलं पाहिजे. आता हे फार पातळ झालं अशी शंका येईल, पण पिठी लावून दाट करायचा मोह टाळा.

मॅकरोनी

लिटरभर पाण्याला १० ग्रॅम मीठ, असं अडीच-तीन लिटर पाणी उकळा. पाकिटावर लिहिलेल्या वेळेपेक्षा तीन मिनिटं आधी मॅकरोनी काढा. दाताखाली मधला भाग स्पष्ट कडक लागला पाहिजे. चाळणीत ओतून नीट निथळा, कारण नळीत अडकलेलं पाणी अर्धी वाटीभर सहज भरतं. गार पाण्याखाली धरू नका. वरचा स्टार्च धुतला जातो आणि मग रस तिला धरत नाही. निथळली की लगेच रसात टाका, दोन मिनिटं ढवळा आणि गॅस बंद करा.

मॅकरोनीऐवजी भात घालायचा असेल तर शिजलेला, मोकळा भात घ्या, कच्चे तांदूळ नकोत. बटाट्याच्या कच्च्या चकत्या टोमॅटोच्या रसात घालणं हा तर हमखास फसणारा प्रकार. आंबट रसात बटाट्याचा गर मऊ होत नाही. तासभर भाजूनही चकत्या कचकच लागतात. बटाटा हवाच असेल तर ८०० ग्रॅम उकडून, ५० ग्रॅम बटर आणि थोडं गरम दूध घालून कुस्करा आणि वर थर द्या. अशा वेळी खालचा खिमा जास्त दाट ठेवावा लागतो, कारण रस प्यायला मॅकरोनी नसते. बीफवर बटाट्याचा असा थर दिला की त्याला कॉटेज पाय म्हणतात, आणि मेंढीचं मांस असेल तर शेफर्ड्स पाय.

थर आणि ओव्हन

ओव्हन १९० अंश सेल्सिअसवर तापवा. पंखा चालू असेल तर १७० ते १८०. लहान ओव्हनमध्ये दोन्ही कॉइल चालू ठेवा, भांडं मधल्या जाळीवर येऊ द्या. वरची कॉइल चीजच्या फार जवळ आली तर वर काळं आणि आत कोमट अशी गत होते.

चीज लादीचं घेऊन घरी किसा. किसून मिळणाऱ्या चीजला एकमेकांना चिकटू नये म्हणून स्टार्च किंवा सेल्युलोजची पूड लावलेली असते. ते वितळताना मिळून येत नाही. फार जुनं, कडक चेडरही नको, त्याचं तेल चटकन वेगळं होतं. चेडर चवीला आणि मोझरेला तारेला, म्हणून दोन्ही. एक तृतीयांश चीज आतल्या मिश्रणात ढवळा, बाकीचं वर पसरा. ब्रेडचा चुरा वितळलेल्या बटरमध्ये चोळून चीजवर भुरभुरा. कोरडा चुरा तसाच टाकला तर तो पीठ लागतो, कुरकुरीत होत नाही.

मिश्रण गरमच भरलं असेल तर न झाकता २० ते २५ मिनिटं पुरतात. कडेनं रस बुडबुडला आणि चुऱ्याला सोनेरी-तपकिरी रंग आला की झालं. फ्रीजमधून काढलेलं गार भांडं असेल तर आधी फॉइल लावून २५ मिनिटं, मग फॉइल काढून १५ ते २० मिनिटं. काचेचं गार भांडं थेट तापलेल्या ओव्हनमध्ये घालू नका, अर्धा तास बाहेर राहू द्या. आणि तापलेलं भांडं ओल्या ओट्यावर ठेवू नका. काच तडकते ती या दोन वेळांना.

खिमा शिजला की नाही हे रंगावरून ठरवू नये. अख्ख्या मांसाच्या तुकड्यावर जंतू मुख्यतः बाहेरच्या बाजूला असतात. दळताना ते सगळीकडे मिसळतात, त्यात आजारी पाडणारा ई. कोलाय हा जिवाणूही असू शकतो. म्हणून खिम्याचं तापमान आतपर्यंत ७१ अंश व्हावं लागतं. खिमा कधी त्याआधीच तपकिरी दिसतो, तर सोडा लावलेला खिमा पूर्ण शिजूनही किंचित गुलाबी राहू शकतो. थर्मामीटर असेल तर मध्यभागी खुपसा, भांड्याच्या तळाला टेकवू नका.

बाहेर काढल्यावर दहा मिनिटं हात लावू नका. उकळता रस पातळ असतो. थोडा निवला की स्टार्च धरतो आणि चमच्यावर थर उभा राहतो. लगेच वाढलं तर सगळं ताटभर वाहतं आणि उगाच वाटतं की कृती फसली.

ओव्हन नसेल तर जाड बुडाच्या पॅनमध्येच चीज पसरून, घट्ट झाकण लावून अगदी मंद आचेवर आठ-दहा मिनिटं ठेवा. चव तीच येते, खरपूस पापुद्रा येत नाही. ब्रेडचा चुरा वेगळा तव्यावर बटरमध्ये परतून वाढताना वर घाला. मायक्रोवेव्हच्या साध्या मोडवर वरचा भाग लाल होत नाही, फक्त गरम होतो.

बिघडलंच तर

पाणी साचलं असेल तर फॉइल न लावता ओव्हनच्या खालच्या जाळीवर आणखी दहा मिनिटं द्या, मग पंधरा मिनिटं निवू द्या. बरंचसं मॅकरोनी ओढून घेते. कोरडा झाला असेल तर नुसतं पाणी शिंपडू नका. अर्धी वाटी स्टॉकमध्ये चमचाभर टोमॅटो पेस्ट उकळून कडेकडेनं ओता, फॉइल लावून दहा मिनिटं ठेवा. वर तेल तरंगत असेल तर कागदी टॉवेल अलगद टेकवून टिपा. अळणी लागत असेल तर आणखी मीठ घालण्याआधी चमचाभर व्हिनेगर किंवा लिंबाचा रस घालून पाहा, पुष्कळदा कमतरता आंबटाची असते.

आधी करून ठेवायचा असेल तर

भरलेलं भांडं न भाजता एक दिवस फ्रीजमध्ये चालतं, पण त्या वेळात मॅकरोनी रस ओढत राहते. म्हणून रसात सुरुवातीलाच १०० मिली पाणी जास्त घाला आणि चीज-चुरा भाजायच्या वेळीच पसरा. शिजवलेला खिमा आणि मॅकरोनी ओट्यावर दोन तासांहून जास्त ठेवू नये. मोठं खोल भांडं आतून निवायला फार वेळ घेतं, त्यामुळे उरलेला कॅसरोल पसरट डब्यांत पातळ थरात काढून मगच फ्रीजमध्ये ठेवा. तो तीन-चार दिवस टिकतो.

फ्रीजरमध्ये न भाजलेला दोन-तीन महिने चांगला राहतो. आदल्या दिवशी फ्रीजमध्ये सोडवून घ्या. परत गरम करताना दोन मोठे चमचे पाणी किंवा स्टॉक घालून, झाकून, मध्यभागी ७४ अंश होईपर्यंत गरम करा. मायक्रोवेव्हमध्ये करत असाल तर अर्ध्यावर थांबून ढवळा, कारण कडा उकळत असतात तेव्हा मधला भाग गारच असतो.